मॅटरहॉर्नचा तिसरा दोर

मारोतीभाऊ, आपला वाद तुम्ही जिंकला होता. हे मला कितीतरी वर्षांपासून माहीत होतं आणि मी ते तुम्हाला सांगितलं नाही. आता तुम्ही जाऊन तेरा दिवस झाले, सांगायला समोर कोणी नाही, म्हणून लिहायला बसले आहे. उशिरा येणाऱ्या मुलींना वर्गाबाहेर उभं करण्यात माझी सगळी नोकरी सरली, तेव्हा मी तरी उशिराची सबब सांगू नये.

आपल्याकडे दोन माणसांचा वाद वीस-बावीस वर्षं चालला म्हणजे तो धुऱ्याचा, शेताच्या बांधाचा असणार, असं कोणीही धरून चालतं. आपला मॅटरहॉर्नचा होता. हा डोंगर स्वित्झर्लंड आणि इटलीच्या सीमेवर आहे, बाराही महिने बर्फाचा, वर निमुळता होत गेलेला. तुम्ही तो पाहिला नव्हता आणि मीही नाही. मी मूळची पुसदची. झरी जामणीकडच्या एका आश्रमशाळेत भूगोल शिकवायला आले आणि तिथूनच निवृत्त झाले. तुम्ही शाळेजवळच्या पोडावरचे, कोलामांच्या वस्तीतले, लोकांच्या विहिरीतल्या मोटारी वर काढणारे आणि दुरुस्त करून परत बसवणारे. आपल्या दोघांच्या माहितीतली सर्वांत उंच जागा म्हणजे शाळेमागची पाण्याची टाकी. तिच्यावरही मी कधी चढले नाही.

मुख्याध्यापकांनी पाण्याचं खातं माझ्या गळ्यात मारलं होतं. "पाणी भूगोलातच येतं ना मॅडम," असं ते म्हणाले आणि मोकळे झाले. त्यामुळे मोटार बिघडली की तुम्हाला निरोप धाडायचा तो मी, आणि ती दर उन्हाळ्यात बिघडायची. पहिल्यांदा तुम्ही आलात तेव्हा मी विहिरीकडच्या वर्गात नववीला शिकवत होते. पर्वतांचा धडा होता आणि मी धडा सोडून मॅटरहॉर्नवर घसरले होते. नागपूरच्या फुटपाथवर मला एक जुनं इंग्रजी पुस्तक मिळालं होतं, कव्हर फाटलेलं, त्या डोंगरावर माणसं पहिल्यांदा कशी चढली याचं. दरवर्षी त्यावर दोन तास घालवायचे, ही माझी नोकरीतली एकुलती एक चैन होती. तुम्ही खिडकीबाहेर विहिरीच्या काठावर बसून सगळं ऐकत होता, हे मला नंतर कळलं.

गोष्ट आता तुम्हाला पाठ आहे, तरी पुन्हा सांगते, कारण हे दुसरेही कोणी वाचतील. दीडशेच्या वर वर्षं झाली. आजूबाजूचे मोठे डोंगर बहुतेक चढून झाले होते आणि हा तसाच उभा होता. पायथ्याच्या लोकांची समजूत अशी की वर भुतांचं गाव आहे, चढलात तर दगड मारतील. एक इंग्रज तरुण इटलीच्या बाजूने कितीदा तरी चढायला गेला आणि हात हलवत परत आला. तिकडचा एक वाटाड्या कधी त्याच्या सोबत असे, कधी त्याच्या विरुद्ध. शेवटी हा वाटाड्या त्याला न सांगता दुसरी मंडळी घेऊन निघाला. ते कळल्यावर इंग्रज धावतपळत डोंगराच्या पलीकडच्या बाजूला गेला, मिळतील ती माणसं जमवली आणि सात जण चढायला लागले. त्यांत पायथ्याच्या गावचा एक वाटाड्या आणि त्याचा मुलगा होता. दोघांचं नाव एकच, म्हणून बापाला सगळे म्हातारा म्हणत. समोरून भिंतीसारखी दिसणारी ती बाजू चढायला सोपी निघाली. ते माथ्यावर पोचले तेव्हा दुसरी मंडळी बरीच खाली होती. त्यांचं लक्ष वेधायला यांनी वरून दगड लोटले. झेंडा नव्हता, म्हणून एका वाटाड्याचा सदरा काठीला बांधून फडकवला. इटलीकडच्या गावातून तो सदरा दिसला आणि आपलीच माणसं पोचली असं समजून लोकांनी आनंद केला. ही जागा आली की मुली हसायच्या.

उतरताना सगळे एकमेकांना दोराने बांधलेले होते. सर्वांत कच्चा गडी दुसऱ्या नंबरवर होता. त्याचा पाय घसरला, तो पुढच्यावर आदळला, दोघांच्या ओढीने मागचे दोघे गेले. चौथ्या माणसाच्या आणि म्हाताऱ्याच्या मधला दोर तुटला. चौघे खाली हिमनदीवर पडले, त्यांतल्या एकाचा देह आजपर्यंत सापडलेला नाही. वर तिघे उरले: म्हातारा, इंग्रज आणि म्हाताऱ्याचा मुलगा. नंतर तुटलेलं टोक पाहिलं तेव्हा कळलं की त्यांच्याकडे तीन प्रकारचे दोर होते आणि त्यांतला सर्वांत जुना, बारीक, तिसऱ्या प्रकारचा दोर तिथे बांधला होता. तो मुळात खडकाला बांधून मागे सोडून यायला घेतलेला. म्हाताऱ्याने तो का बांधला, हा प्रश्न तेव्हापासून आहे.

तास संपवून मी चहा घेऊन विहिरीवर आले. तुम्ही डोळे मिटून सगळा दोर या टोकापासून त्या टोकापर्यंत दोन्ही हातांतून सोडत होता. मला वाटलं, माणूस नमुनाच दिसतो. तुम्ही डोळे उघडले आणि कपाला हात लावण्याआधी विचारलंत, "बाई, तो तिसरा दोर कोनं आनला होता?"

मी म्हटलं, "म्हाताऱ्याने बांधला."

"बांधला कोनं ते सांगतलं तुमी. आनला कोनं? अन् चांगला कुठी गेला होता?"

इतक्या वर्षांत एकाही मुलीने हे विचारलं नव्हतं, आणि खरं सांगायचं तर मलाही ते सुचलं नव्हतं. मी पुस्तकात पाहून सांगते म्हणाले. तुम्ही चहा घेतलात आणि पुढे म्हणालात, "अन् खाली मानसं असताना वरून गोटे लोटले? आमच्या धंद्यात असा मानूस दुसऱ्या दिवशी कामावर नसते." मग तुम्ही स्वतः विहिरीत उतरलात. सोबतच्या दोघांना वर ठेवलंत. मी विचारलं की एवढी हाताखाली माणसं असताना तुम्हीच कशाला उतरता. तुम्ही खालून म्हणालात, "दुसऱ्याले नाई उतरवत मी." मला वाटलं, स्वभाव असेल.

दरवर्षी मोटार बिघडत गेली आणि वाद वाढत गेला. माझं म्हणणं असं होतं की म्हाताऱ्याने बारीक दोर मुद्दाम बांधला. खालचे पडले तर आपण ओढले जाऊ नये, एवढाच त्याचा विचार. पुस्तक त्या इंग्रजाचंच; त्याने तसं ठासून लिहिलेलं नाही, पण वाचणाऱ्याच्या मनात शंका मात्र नेमकी सोडली आहे. शंका घेण्यात मी हुशार होते. वसतिगृहातल्या साखरेवरून मी तीन स्वयंपाकिणींवर शंका घेतली होती आणि साखर मुंग्यांनी नेली होती.

तुम्ही म्हणायचा, "बाई, जो मांगून बांधते त्याच्या हाती उरला तो दोर येते. पुढच्यायनं चांगला वापरला असन."

"मग त्याने बोलायचं ना, हा दोर कच्चा आहे म्हणून."

"कोनाले बोलन? तो रोजीनं नेल्ला मानूस. ते सायेब. अन् घाई कोनाले होती? सायबाले होती. घाईत दोर पाहाचा राहून जाते. मंग तुटला का सारे इचारते, बांधला कोनं."

"तो वाचला ना पण."

"वाचला म्हनूनच तं इचारते त्याले. मेला असता तं चांगला म्हनले असते."

तुमचं हे म्हणणं मी वहीत उतरवून घेतलं होतं आणि पुढच्या वर्षी मुलींना माझं म्हणून सांगितलं. मोटार बसली, पाणी आलं, की सामान आवरता आवरता तुम्ही विचारायचा, "मंग बाई, सुटला का बुढा?" मी म्हणायची, "पुरावा आणा, मग पाहू." हा आपला निरोप घेण्याचा प्रकार होता. मला त्यात फार मजा यायची. शाळेत माझ्याशी वाद घालणारं दुसरं कोणी नव्हतं, शिक्षक बदलीच्या अर्जांत गुंतलेले आणि घरी नवरा माझ्या प्रत्येक वाक्याला हो म्हणणारा.

आणि मग ते गॅदरिंग. त्या वर्षी मी नाचगाण्यांऐवजी अभिरूप न्यायालय बसवलं. मॅटरहॉर्नचा खटला. खऱ्या चौकशीत कोणालाही दोषी धरलं नव्हतं, अपघात म्हणून प्रकरण मिटलं होतं. हे मला माहीत होतं. पण आरोपी निर्दोष सुटला की टाळ्या पडत नाहीत, म्हणून मी नाटकात निकाल फिरवला. नववीची एक उंच मुलगी न्यायाधीश केली. म्हातारा झालेल्या मुलीच्या डोक्यावर वसतिगृहातलं घोंगडं दिलं. निकालाचा कागद खरा वाटावा म्हणून त्यावर शाळेचा गोल शिक्का मारला. आणि दोर कसा बांधतात हे लोकांना दाखवायला, तज्ज्ञ साक्षीदार म्हणून, मी तुम्हाला बोलावलं.

दुपारी मंडप भरला होता. पोडावरचे आले होते, गावातले आले होते. तुम्ही धुतलेला सदरा घालून पहिल्या रांगेत खुर्चीवर बसला होता. वकील झालेल्या मुलीने तुमचं नाव पुकारलं. तुम्ही स्टेजवर आलात, म्हाताऱ्याच्या कमरेला दोर बांधलात, गाठ ओढून दाखवलीत. "ही गाठ सुटत नाई," एवढंच बोललात. मुलीने मी लिहून दिलेला प्रश्न विचारला, "गाठ पक्की असून दोर तुटला, तर दोष कोणाचा?" तुम्ही म्हणालात, "हे मले नाई सांगता येत." मला वाटलं, माणूस माइकला घाबरला. मंडपात अगदी शांतता होती. ती मला नाटकाची वाटली आणि मी विंगेत उभी राहून खूश झाले.

न्यायाधीशाने निकाल वाचला. "जो वर राहिला त्याने उत्तर द्यावे. दोराची जबाबदारी दोर बांधणाऱ्याची आहे. आरोपी दोषी आहे." टाळ्या फक्त मुलींनी वाजवल्या. गावकरी आधी तुमच्याकडे आणि मग जमिनीकडे पाहत राहिले. तुम्हाला शाल आणि नारळ दिला. जाताना तुम्ही मला विचारलंत, "बाई, हा कागद मी नेऊ काय?" मला वाटलं, आठवण म्हणून हवा असेल. मी तो घडी घालून तुमच्या हातात दिला.

पुढच्या उन्हाळ्यात तुम्ही आलात, दोर हातातून सोडलात, उतरलात, मोटार बसवलीत. जाताना विचारलंत, "सुटला का बुढा?" तुमच्या आवाजात काही फरक नव्हता. मी म्हटलं, "अहो, आता तर निकालही लागला. अपील करा."

अजून दोन वर्षांनी आमच्या स्वयंपाकिणीने मला सांगितलं. मुंग्यांवाल्या साखरेमुळे ती मला फारशी मानत नव्हती, म्हणूनच सरळ बोलली असावी. "बाई, तुमी शिकल्या-सवरल्या. त्या मानसाले साऱ्या गावासमोर उभं करून कायले दोषी ठरवलं?" मी म्हटलं, कोणाला? मग तिने सांगितलं.

तुम्ही तरुण होता. यमुनाबाईंशी लग्न होऊन दोन-तीन वर्षं झाली होती आणि त्यांचा धाकटा भाऊ तुमच्यासोबत कामाला होता. पोळ्याच्या दिवशी गावाने तुमच्याकडे दोर मागितला. बैल ज्याच्याखाली उभे करतात त्या तोरणासाठी. पोडावरून तोरणाला दोर मागण्याची ती पहिलीच वेळ, मोठा मान. तुम्ही सर्वांत चांगला, नवा दोर दिलात. त्याला आंब्याची पानं लागली, पूजा झाली, आणि रीतीप्रमाणे मानकऱ्याने तो मधोमध तोडून पोळा फोडला. असा मान मिळाल्यावर दोर तोडू नका म्हणणार कोण. रात्रभर पावसाची झड लागली. सकाळी एका शेतमालकाचा निरोप आला की विहिरीचं पाणी चढत आहे आणि मोटार आतल्या ओट्यावर आहे, लवकर काढा, नाहीतर बुडेल. तोडलेल्या दोराचे दोन तुकडे कामाचे नव्हते, जोडले तर गाठ विहिरीवरच्या चाकावरून जात नाही. घरी जुना दोर होता. मालक काठावर उभा राहून घाई करत होता. साळा उतरला, तुम्ही वर होता, आणि दोर तुटला. ओट्याच्या दगडावर डोकं आपटून तो गेला. पोलिसांनी अपघात लिहिला. पण आदल्या दिवशी पोळ्यात तुमची दोघांची कशावरून तरी बोलाचाली झाली होती, तेवढं गावाला पुरलं. कच्चा दोर मारोतीने मुद्दाम बांधला, असं लोक तेव्हापासून म्हणत आले.

मी घरी गेले आणि पुस्तक काढून ती पानं पुन्हा वाचली. पुस्तक तेच होतं. या वेळी मला त्यात घाई दिसली, सात माणसांचा एका दिवसात जमवलेला मेळ दिसला, आणि मागून बांधणाऱ्याच्या हाती उरलेला दोर दिसला. म्हाताऱ्याबद्दल तुम्ही जे बोलत होता त्यातलं एकही वाक्य पुस्तकातून आलेलं नव्हतं. मला लाज वाटली. आयुष्यात अनेकदा चुकले, पण लाज इतकी क्वचित वाटली आहे.

आता तुम्ही विचाराल, मग बोलल्या का नाही. विचाराल कशाला, तुम्ही काही विचारणाऱ्यातले नव्हता. माझी माफी तोंडाशी यायची आणि त्यासोबत हेही यायचं की माफी मागितली म्हणजे मला कळलंय हे तुम्हाला कळेल. मग आपण विहिरीवर बसून स्वित्झर्लंडचं बोलू शकणार नाही. निदान तिथे तरी तुम्ही तुमच्याबद्दल बोलत नव्हता, असं दोघांनाही म्हणता येत होतं. मी हे तुमच्यासाठी जपते आहे अशी स्वतःची समजूत काढली. त्यात थोडं खरं असेलही. बाकी भित्रेपणा होता, आणि वादात हार मानायची मला सवय नाही. म्हणून तुम्ही "सुटला का?" विचारत राहिलात आणि मी "पुरावा आणा" म्हणत राहिले, अगदी त्याच चेष्टेच्या सुरात, कारण सूर बदलला असता तर तुम्हाला लगेच कळलं असतं.

एकदा मात्र मी जवळ आले होते. तुम्ही विचारलंत की त्या बुढ्याचं पुढे काय झालं. मी सांगितलं की चौकशीतून सुटूनही गावाने त्याला सोडलं नाही, दोर त्यानेच कापला असंही लोक म्हणत. तुटलेलं टोक समोर असताना म्हणत. तो गाव सोडून अमेरिकेला गेला, काही वर्षांनी परत आला आणि त्याच डोंगराच्या पायथ्याशी एका तळ्याजवळ मेला. तुम्ही बराच वेळ दोराची गुंडाळी करत होता. मग म्हणालात, "वापस काहून आला असन?" मी म्हटलं, "तुम्हाला काय वाटतं?" तुम्ही म्हणालात, "काम तेच येत असन त्याले." तेव्हा मी बोलायला हवं होतं. मी विचारलं, चहा आणू का अजून.

निवृत्त होऊन मी पांढरकवड्याला आले, हायवेच्या अलीकडे घर घेतलं. बोअरची मोटार बिघडली की तुम्ही एसटीने यायचा, जवळ चार मेकॅनिक असताना मी तुम्हालाच फोन करायची. मागच्या उन्हाळ्यात मी तुम्हाला मोबाइलवर फोटो दाखवला. तो तुटका दोर त्या गावच्या संग्रहालयात काचेच्या पेटीत ठेवला आहे. तुम्ही चष्मा काढून, मोबाइल डोळ्यांजवळ धरून पाहिलंत. बोटाने काचेवरून टोकापर्यंत गेलात.

"हा तं मी मोटारीलेबी नसता बांधला," तुम्ही म्हणालात. मग बोट तिथेच ठेवून, "पन दुसरा नसता तं बांधला असता."

मी तुमच्याकडे पाहिलं नाही. बाहेर ट्रक जात होते, त्यांच्याकडे पाहिलं. तुम्ही मोबाइल परत दिलात, पाने-पकडी पिशवीत भरल्यात, आणि दारात चपला घालताना विचारलंत, "मंग, सुटला का बुढा?"

"पुरावा आणा," मी म्हणाले.

ते माझं तुमच्याशी शेवटचं वाक्य. आपण काय बोललो हे आठवताना मी इतर काही वाक्यं त्याच्यानंतर बसवून पाहिली, जपून जा, किंवा पोचल्यावर फोन करा, पण तसं मी काही बोलले नव्हते.

परवा पोडावर गेले. तुम्ही गेल्याचं मला आठ दिवसांनी कळलं होतं, त्यानंतरही जाण्याचा धीर करायला तीन दिवस लागले. यमुनाबाई अंगणात तुरीच्या शेंगा सोलत होत्या. मी बसले आणि शेंगा सोलायला लागले, कारण हात मोकळे ठेवून काय बोलावं ते कळेना. ओसरीच्या खुंटीला तुमचा दोर गुंडाळून लावलेला होता. एवढा मोठा संसार झाला तुमचा, नातवंडं झाली, आणि जिचा भाऊ तुमच्या दोरावरून गेला त्याच बाईने इतकी वर्षं तुमची भाकर थापली. मी हे आधी कधी असं मांडून पाहिलं नव्हतं.

मी म्हटलं, "यमुनाबाई, माझ्याकडून एक चूक झाली होती. शाळेत. मला माहीत नव्हतं."

"ठाव हाये मले," त्या म्हणाल्या. "तुमाले ठाव नोतं हे त्याईलेबी ठाव होतं. स्टेजवरूनच समजलं म्हने त्याईले. बाईच्या तोंडावरून दिसे म्हने, का बाईले काईच ठाव नाई."

मग त्या सांगत गेल्या, शेंगांवरून नजर न काढता. "दर उन्हाळ्यात शाळेतून आले का मी इचारो, सुटला का बुढा? ते म्हनत, बाई अजून पुरावा मांगून राह्यली. मंग आमी दोघं हासो. मागच्या साली तुमच्या घरून आले तवाबी इचारलं मी."

मी इतकंच म्हणाले की बुढा कधीचाच सुटला होता, मी सांगितलं नाही.

"मी तं त्याले त्याच दिवशी सोडलं होतं," यमुनाबाई म्हणाल्या. "माहा भाऊ उतरला तवा मी काठावरच होती. मालक घाई करे ते मी पाह्यलं. दोर तुटल्यावर याईच्या हाताची सालं निघाली तेबी पाह्यलं. पन माह्या सोडल्यानं काय होते? मी त्याईची बायको. लोक म्हनत, ती तं सोडनच."

त्या उठल्या, आत गेल्या आणि पॉलिथिनची पिशवी घेऊन आल्या. रेशनकार्ड, आधारकार्डं, तुमच्या दवाखान्याची चिठ्ठी, आणि त्यांच्या मधात चार घड्यांचा तो कागद. घड्यांवर फाटत आला होता. शिक्का अजून निळा होता. यमुनाबाईंना वाचता येत नाही. त्यांनी तो माझ्यासमोर धरला.

"शाळेनं दोषी म्हनलं, शिक्का मारून. आता सोडाचं हाये तं शाळेनंच सोडा लागन. लिहून द्या."

मी म्हटलं, मी आता शाळेत नाही. त्या म्हणाल्या, "तवा तं होत्या."

म्हणून त्याच कागदाच्या मागे मी लिहिलं. त्यांनी मोठ्याने वाचायला लावलं, मी वाचलं. "या खटल्याचा निकाल चुकला होता. चांगला दोर मानाच्या कामाला गेला होता. आरोपीने उरलेल्या दोराने काम केले, घाई दुसऱ्याची होती. वर राहिलेल्या माणसाने काही लपवले नाही. आरोपी निर्दोष आहे." खाली सही केली, कंसात निवृत्त लिहिलं. कोणता आरोपी, ते नाव मी लिहिलं नव्हतं. यमुनाबाईंनी विचारलं, "त्याईचं नाव टाकलं का?" मग तेही टाकलं, आणि शिक्का मारून आणायला कागद सोबत घेतला.

आज सकाळी झरी जामणीची एसटी धरून शाळेत गेले. नवे मुख्याध्यापक तरुण आहेत, मला ओळखत नाहीत. त्यांनी कागद दोन्ही बाजूंनी पाहिला आणि विचारलं, "मॅडम, हे नक्की काय आहे?" मी म्हटलं, जुनं प्रकरण आहे, शाळेकडूनच राहून गेलं होतं. त्यांनी खालची सही आणि कंसातलं निवृत्त वाचलं, मग टेबलाचा खण उघडून शिक्का आणि पॅड माझ्यासमोर सरकवला. पॅड वाळला होता, म्हणून दोनदा दाबून मारावा लागला. थोडा तिरका बसला आहे, पण वाचता येतो. तिथून पायी पोडावर गेले आणि कागद यमुनाबाईंच्या हाती दिला. त्यांनी शिक्क्यावरून बोट फिरवलं, कागदाच्या पुन्हा चार घड्या केल्या आणि तो रेशनकार्डाच्या मधात ठेवून दिला.

मारोतीभाऊ, बुढा सुटला.